करार संपल्यावर उरते काय?

बार्शीचे नाव काढले की बाहेरगावच्या माणसाला दोन गोष्टी चटकन आठवतात. एक श्रीभगवंताचे देऊळ आणि दुसरी बार्शी लाईट रेल्वे. आज मला बोलायचे आहे ते संगणकावर खेळल्या जाणाऱ्या पिनबॉल नावाच्या खेळाविषयी. तरीसुद्धा सुरुवात रेल्वेपासून करतो. एखादी वस्तू कराराच्या आधाराने उभी असली आणि तो करारच संपला, तर पुढे त्या वस्तूचे काय होते, याचा एक चांगला धडा आपल्या गावच्या या छोट्या रेल्वेने घालून दिला आहे.

ही रेल्वे काढली एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज इंजिनिअरने. दोन रुळांमधले अंतर अवघे अडीच फूट. १ ऑगस्ट १८९५ रोजी रेल्वे कंपनी आणि भारतमंत्री यांच्यात करार झाला, आणि १८९७ साली कुर्डुवाडी ते बार्शी ही गाडी सुरू झाली. पुढे हा रस्ता एका बाजूने पंढरपूरवरून मिरजेला आणि दुसऱ्या बाजूने लातूरला जाऊन पोचला. करारात एक कलम होते. रीतसर नोटीस देऊन सरकारला ही रेल्वे विकत घेता येईल, असे ते कलम. स्वतंत्र भारताच्या सरकारने ते वापरले. १९ डिसेंबर १९५२ ला कंपनीला नोटीस गेली आणि १ जानेवारी १९५४ पासून रेल्वे सरकारची झाली. कंपनी गेली, करार गेला; गाडी मात्र धावत राहिली. का? तर करार करतानाच, तो संपल्यावर काय करायचे हे कोणीतरी लिहून ठेवले होते म्हणून.

ही गोष्ट ध्यानात ठेवा. आता खेळाकडे वळू.

पिनबॉल म्हणजे काय, हे थोडक्यात सांगतो. लाकडी फळीवर खिळे ठोकलेले, एका बाजूला स्प्रिंगचा दट्ट्या आणि त्याने उडवायची लोखंडी गोळी, असा खेळ आपण लहानपणी पाहिलेला असेल. त्याला बॅगाटेल म्हणतात. हा स्प्रिंगचा दट्ट्या रूढ केला तो माँटेग्यू रेडग्रेव्ह यांनी. अमेरिकेत १८७१ साली त्यांना त्याचे पेटंट मिळाले. त्या बॅगाटेलचाच मोठा झालेला, विजेवर चालणारा, दिव्यांनी झगमगणारा नातू म्हणजे पिनबॉल. उतरते टेबल, वर काच, आत पोलादी गोळी. १९३१ साली शिकागोच्या गॉटलिब कंपनीने ‘बॅफल बॉल’ नावाचे यंत्र काढले आणि मंदीच्या दिवसांत ते भरमसाट खपले. पण गोळी एकदा सोडली की खेळणाऱ्याच्या हाती काही उरत नसे. १९४७ साली त्याच कंपनीच्या ‘हम्प्टी डम्प्टी’ या यंत्रात गोळी परत वर मारणारे छोटे दांडे आले. त्यांना फ्लिपर म्हणतात. तेव्हापासून नशिबाचा हा खेळ कौशल्याचा झाला.

तोवर समाजाची नजर मात्र वाकडीच होती. हा जुगार आहे, पोरे बिघडतात, शाळेचे पैसे यात जातात, अशी तक्रार सर्वत्र होती. न्यूयॉर्क शहराने १९४२ साली या यंत्रांवर बंदी घातली. महापौर लाग्वार्डिया यांनी जप्त केलेली यंत्रे घणाने फोडली, आणि त्या प्रसंगाची छायाचित्रे वर्तमानपत्रांत छापून आली. ही बंदी उठली १९७६ साली. रॉजर शार्प नावाच्या एका लेखकाने शहराच्या प्रतिनिधींसमोर प्रत्यक्ष खेळून दाखवले, गोळी कुठे जाईल ते आधी सांगितले आणि ती तशीच नेली. चौतीस वर्षांची बंदी उठण्याला त्या प्रात्यक्षिकाचा मोठा हातभार लागला.

ही हकीकत सांगण्याचा मतलब असा, की ज्या गोष्टीला समाज प्रतिष्ठा देत नाही ती जपण्याचे कोणाच्या मनातच येत नाही. आपल्याकडे चित्रपटाचे असेच झाले. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लोकांपुढे आला. आज तो पूर्ण स्वरूपात आपल्यापाशी नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले ते १९६४ साली, म्हणजे मध्ये अर्धशतक उलटून गेले होते. तेवढ्या काळात मूकपटांच्या बहुतेक फिती नाहीशा झाल्या. आधी खेळ म्हणून हिणवायचे, मग करमणूक म्हणून सोडून द्यायचे आणि सगळे संपल्यावर संस्कृती म्हणून हळहळायचे, ही आपली जुनी खोड आहे. ती एकट्या आपली नाही, एवढेच समाधान.

पिनबॉलचा बहराचा काळ विसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत चालला. १९९२ साली निघालेल्या ‘द ॲडम्स फॅमिली’ या यंत्राचे वीस हजारांवर नग खपले. हा त्या धंद्यातला उच्चांक. पण घरोघर संगणक आणि दूरदर्शनच्या पडद्यावरचे खेळ आले, आणि १९९९ साली विल्यम्स या सगळ्यांत बड्या कंपनीने पिनबॉलचा कारखानाच बंद केला. उरलेली यंत्रे म्हातारी होऊ लागली. त्यांची रबरे कुजतात, तारांची वेटोळी जळतात, दिवे जातात. एकेक यंत्र म्हणजे दीड-दोन माणसांचे ओझे. अमेरिकेत त्यांची संग्रहालये निघाली. पण संग्रहालयात किती जण जाणार? बार्शीचा मुलगा कॅलिफोर्नियाला जाऊन ते यंत्र कधी खेळणार?

यावर तोड म्हणून संगणकाचा उपयोग झाला. फारसाइट स्टुडिओज या अमेरिकन कंपनीने जुनी यंत्रे मिळवली, त्यांचा प्रत्येक भाग मोजला, गोळी कोणत्या कोनातून कशी उसळते याचा हिशेब केला आणि मूळ यंत्रातलाच प्रोग्रॅम वापरून ती टेबले संगणकावर जशीच्या तशी उभी केली. २०१२ साली त्यांनी ‘द पिनबॉल आर्केड’ या नावाने हा संग्रह लोकांना द्यायला सुरुवात केली. आता हे ‘जशीच्या तशी’ करणे सोपे नसते. ‘ट्वायलाइट झोन’ नावाचे टेबल घ्या. यंत्र बनवणाऱ्या कंपनीची परवानगी हवी. मूळ दूरदर्शन मालिकेच्या मालकाची हवी. वर संगीताची हवी, नटाच्या चेहऱ्याची हवी. एका टेबलाला चार धनी! या परवानग्यांचा खर्च भागवण्यासाठी कंपनीने २०१२ साली लोकांकडेच हात पसरला. उद्दिष्ट होते पंचावन्न हजार डॉलरांचे. लोकांनी वर्गणी दिली, त्याहून जास्तच दिली. आपल्याकडे गावाने वर्गणी काढून वाचनालय उभे करावे, तसेच हे झाले.

पण वाचनालयाची इमारत गावाची असते. हे टेबल वर्गणीदारांचे नव्हते. ते परवान्याचे होते. परवाना मुदतीचा होता. २०१८ साली विल्यम्स आणि बॅली या नावांच्या मालकांनी तो पुढे चालू ठेवला नाही, आणि ३० जून २०१८ नंतर साठांहून अधिक टेबले विक्रीतून काढून घेण्यात आली. ज्यांनी आधी विकत घेतली होती त्यांच्याकडे ती राहिली. नव्या माणसाला मात्र दार बंद. सहा वर्षांचे काम, मोजमापे, कारागिरी, लोकांची वर्गणी, सगळे जागेवर होते. फक्त विकण्याचा हक्क गेला होता.

इथे दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर आपण अन्याय करू. मालकांनी परवाना काढून घेतला तो टेबले नष्ट करावीत म्हणून नाही. थोड्याच महिन्यांत तो बुडापेस्टच्या झेन स्टुडिओज या कंपनीला मिळाला, आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरपासून त्यातली टेबले नव्या रूपात एकेक करून येऊ लागली. धनी असण्यातही अर्थ आहे. ज्याने कल्पना काढली, भांडवल घातले, त्याला मोबदला नको का? परवान्याची पद्धत नसती तर ही टेबले संगणकावर कदाचित आलीच नसती. पण आपण इतिहासाचे विद्यार्थी आहोत. आपला प्रश्न निराळा आहे. एकाच नाटकाचे दोन निरनिराळ्या मंडळ्यांनी केलेले प्रयोग म्हणजे एकच प्रयोग नव्हे. फारसाइटने जी गोळी घडवली तिची चाल वेगळी, झेनने घडवली तिची वेगळी. पहिला प्रयोग पुढच्या पिढीला कुठे पाहायला मिळावा? त्याची जागा कोणती?

आता आपल्या जवळचे उदाहरण घेऊ. ज्यांनी २००१ नंतरच्या आठ-दहा वर्षांत कॉलेजच्या संगणक कक्षात किंवा सायबर कॅफेत थोडा वेळ काढला असेल, त्यांना विंडोज एक्सपीमधला पिनबॉल आठवत असेल. अवकाशयानाचे चित्र असलेले ते ‘स्पेस कॅडेट’ टेबल. आमच्या पिढीतल्या कितीतरी मुलांनी माउस हातात धरायला शिकण्याआधी या टेबलावर गोळी उडवली. पिनबॉल हे नावही ज्यांना ठाऊक नव्हते, त्यांनी तो खेळ खेळला. हे टेबल मायक्रोसॉफ्टने स्वतः बनवलेले नव्हते. सिनेमाट्रॉनिक्स नावाच्या छोट्या कंपनीने ते १९९५ साली घडवले होते आणि मायक्रोसॉफ्टने ते परवान्याने घेतले होते. पुढे २००७ साली विंडोज व्हिस्टा आली आणि टेबल गायब झाले.

का गायब झाले, याचा खुलासा त्या कंपनीतल्याच रेमंड चेन या अभियंत्याने २०१२ साली केला. संगणक ३२ बिटांवरून ६४ बिटांवर जात होते. जुना प्रोग्रॅम नव्या पद्धतीने बांधून पाहिला, तर गोळी कशालाच अडेना. फ्लिपरमधून, भिंतीतून, सगळ्यांतून भुतासारखी आरपार जाऊ लागली. प्रोग्रॅम बाहेरच्या कंपनीने लिहिलेला, त्यात टीपा-टिपणे जवळजवळ नाहीत, आणि चूक कुठे आहे ते कोणाला उमगेना. लाखो ओळींचे काम समोर पडलेले. शेवटी टेबलच वगळले.

वाचकहो, बार्शीकराला हे समजावून सांगावे लागणार नाही. करार संपणे हे वस्तूवरचे एक संकट, आणि गेज बदलणे हे दुसरे. आपल्या बार्शी लाईटने दोन्ही पाहिली. १९५४ साली करार संपला. त्यातून ती तरली. पुढे २००८ पर्यंत कुर्डुवाडी-बार्शी-लातूर हा मार्ग ब्रॉडगेज झाला. अडीच फुटी रुळांवरचा डबा साडेपाच फुटी रुळांवर चालणार कसा? गाव तेच, रस्ता जवळपास तोच, पण जुनी गाडी गेली. ‘स्पेस कॅडेट’चे तेच झाले. २०१७ साली ॲपल कंपनीने आपल्या फोनवर ३२ बिटांचे जुने प्रोग्रॅम चालवणे बंद केले, तेव्हाही असंख्य खेळ एका रात्रीत मुके झाले. ज्यांनी ते विकत घेतले होते त्यांच्याकडेही उरले ते केवळ पावतीपुरते.

तुम्ही म्हणाल, खेळच तो. गेला तर गेला. पण हा आजार फक्त खेळांचा नाही. मराठीतली गेल्या तीस-पस्तीस वर्षांची किती पुस्तके, दिवाळी अंक, स्मरणिका युनिकोडपूर्वीच्या फाँटांत टाइप झाल्या, त्याचा विचार करा. तो फाँट आणि त्याचा परवान्याचा प्रोग्रॅम नसेल, तर ती फाइल उघडली तरी समोर इंग्रजी अक्षरांचा आणि चिन्हांचा नुसता खच पडतो. छापील प्रत आहे म्हणून निभावते. ज्याची छापील प्रतच निघाली नाही, त्याचे काय? खेळाच्या बाबतीत ही अडचण सर्वांत आधी दिसली, इतकेच. खाणीत विषारी वायू पसरला की आधी पक्षी तडफडतो, म्हणून खाणकामगार पिंजरा बरोबर नेत असत. खेळ हा आपला पिंजऱ्यातला पक्षी आहे. २०२३ साली व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या अमेरिकन संस्थेने पाहणी केली. अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या जुन्या खेळांपैकी सुमारे ८७ टक्के खेळ बाजारात सरळ मार्गाने मिळत नाहीत, असे तिला आढळले.

मग कायदा काय म्हणतो? आपल्याकडे या बाबतीत एक जुना आणि फार शहाणा कायदा आहे. ज्या वर्षी बार्शी लाईट सरकारकडे आली, त्याच १९५४ साली ग्रंथ-प्रदान कायदा झाला. भारतात पुस्तक प्रकाशित झाले की तीस दिवसांच्या आत त्याची प्रत प्रकाशकाने स्वखर्चाने कलकत्त्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाकडे पाठवायची, आणि तशीच एकेक प्रत मुंबई, मद्रास व दिल्ली येथील नेमलेल्या ग्रंथालयांकडे. पुढे प्रकाशन बंद पडो, लेखक-प्रकाशकांचे भांडण होवो, आवृत्ती संपो. कुठेतरी एक प्रत राहते. पुस्तकांसाठी आपण हे केले. संगणकाच्या प्रोग्रॅमसाठी मात्र अशी सोय नाही.

दुसरा कायदा प्रताधिकाराचा, म्हणजे कॉपीराइटचा. तो १९५७ सालचा. त्यात २०१२ साली एक दुरुस्ती झाली. ना-नफा चालणाऱ्या सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी एखाद्या कृतीची इलेक्ट्रॉनिक प्रत ठेवता येईल, अशी सवलत मिळाली. मात्र अट अशी की त्या ग्रंथालयापाशी तिची बिगर-डिजिटल प्रत आधीच असली पाहिजे. अट घालणाऱ्यांचा हेतू चांगलाच होता. पण जी वस्तू जन्मापासून डिजिटलच आहे, तिची बिगर-डिजिटल प्रत आणायची कुठून? घोड्यासाठी बांधलेल्या तबेल्यात मोटार लावायला सांगावी, तसा हा प्रकार आहे. ज्यांनी तबेला बांधला त्यांना दोष देऊ नये, पण आता गॅरेज बांधायला हवे हेही खरे.

बाहेरच्या देशांत थोडी हालचाल सुरू झाली आहे. कॅलिफोर्निया राज्याने २०२४ साली कायदा केला आणि तो १ जानेवारी २०२५ पासून अमलात आला. डिजिटल वस्तू विकताना ग्राहकाला ती खरोखर मालकीची मिळते की नुसता परवाना मिळतो, हे स्पष्ट सांगितले पाहिजे, असा तो कायदा. युरोपात २०२४ साली एक मोटारशर्यतीचा खेळ बनवणाऱ्याने आपले सर्व्हर बंद केले आणि विकत घेतलेला खेळ सर्वांच्या हातात निरुपयोगी झाला. त्यावरून उठलेल्या मागणीवर २०२५ च्या जुलैपर्यंत दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. आणि हौशी मंडळींचे काय? त्यांनी ‘स्पेस कॅडेट’चा प्रोग्रॅम उलटा उसवून, एकेक टाका मोजून, तो नव्या संगणकांसाठी पुन्हा शिवला, आज ते टेबल अशा रूपात खेळता येते. काम वाखाणण्यासारखे, पण कायद्याच्या उंबरठ्यावरचे. इतिहास जपणाऱ्याला चोरासारखे वागावे लागणे, हे काही समाजाला भूषणावह नाही.

अखेरीस पुन्हा बार्शी लाईटकडे येतो, कारण तिची अर्धी गोष्ट सांगायची राहिली आहे. गाडी वाचली, पण कामगारांचे काय झाले? कंपनीने ११ नोव्हेंबर १९५३ रोजी सर्वांना नोटीस दिली. ३१ डिसेंबरला सगळ्यांची नोकरी संपली. बहुतेकांना सरकारी रेल्वेने परत कामावर घेतले हे खरे. पण आधीच्या नोकरीच्या वर्षांची भरपाई कोणी द्यायची? भांडण थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. २७ नोव्हेंबर १९५६ ला निकाल लागला. धंदाच जेव्हा खरोखर बंद होतो किंवा दुसऱ्याच्या हाती जातो, तेव्हा त्याला कायद्याच्या भाषेत कामगारकपात म्हणता येत नाही, म्हणून भरपाई नाही. रुळांसाठी करारात कलम होते. माणसांसाठी नव्हते. पण गोष्ट इथे संपली नाही. १९५७ साली संसदेने औद्योगिक विवाद कायदा दुरुस्त केला, धंदा हस्तांतरित झाला किंवा बंद पडला तरी काही अपवाद सोडून कामगाराला भरपाई मिळावी असे ठरवले, आणि ही दुरुस्ती निकालाच्या दुसऱ्या दिवसापासून, म्हणजे २८ नोव्हेंबर १९५६ पासून लागू केली. बार्शीच्या गाडीवरच्या माणसांचे दुखणे अशा रीतीने देशभरच्या कामगारांसाठी कायदा होऊन बसले.

यातून दोन गोष्टी दिसतात. जे करारात लिहिले ते तरले, जे लिहिले नाही ते बुडाले, ही पहिली. आणि बुडालेले पाहून कायदा बदलता येतो, ही दुसरी. कराराच्या मुदतीने धन्याचा हक्क ठरावा, याला कोणाची हरकत नाही. पण प्रत्येक परवान्यात एक ओळ अधिक असावी : मुदत संपली की विक्री थांबेल, तरीही एक चालती प्रत आणि तिचा मूळ प्रोग्रॅम अमुक ग्रंथालयात जमा राहील. विक्रीसाठी नाही, अभ्यासासाठी. १९५४ चा ग्रंथ-प्रदान कायदा तेवढ्यापुरता वाढवला आणि प्रताधिकार कायद्यातली ती अट जन्मतः डिजिटल असलेल्या कृतींपुरती सैल केली, तर खेळच नव्हे, आपले मराठी कोश, शिक्षणाच्या तबकड्या आणि फाँटही त्या छत्राखाली येतील.

कायदा होईल तेव्हा होईल. तोवर आपल्या हातात काय आहे? आपल्या शाळेत, कॉलेजात, वाचनालयात जुने संगणक भंगारात घालण्यापूर्वी एकदा कपाट उघडून पाहा. त्यात तबकड्या असतील, खोक्यांवर परवान्याचे क्रमांक असतील, वापरण्याच्या पुस्तिका असतील. कोणती वस्तू कोणत्या वर्षाची, कोणत्या यंत्रावर चालते, एवढे एका वहीत लिहून ठेवा, आणि त्यांतला एक संगणक तरी चालू स्थितीत राखा. उद्या गेज बदलेल, परवाने संपतील. पण आपण काय वापरत होतो आणि कशावर खेळत होतो, हे विचारायला येणाऱ्या मुलाला दाखवण्यापुरता एक फूट रूळ तरी आपण उखडायचा नाही.